वाइनचे आजार आणि पाश्चरचं गाव

‘डॉक्टर, रेड वाइन हृदयाला चांगली असते ना?’

गेल्या पंचवीस वर्षांत हा प्रश्न मला किती पेशंटनी विचारला असेल, याची मोजदाद नाही. विचारणारा बहुतेक वेळा उत्तर मनाशी ठरवूनच आलेला असतो. डॉक्टरने फक्त मान हलवायची असते. एक कबुली सुरुवातीलाच देऊन टाकतो. पूर्वी माझी मान हलायची.

२००० सालच्या आसपासची गोष्ट. एक निवृत्त बँक अधिकारी माझ्याकडे यायचे. अँजिओप्लास्टी होऊन वर्ष झालं होतं. गोळ्या वेळेवर, सकाळचं फिरणं नियमित आणि आयुष्यात कधी दारूचा थेंब घेतलेला नाही. मुलाने परदेशातून वाइनची बाटली आणली होती आणि ‘तिकडचे डॉक्टर रोज घ्यायला सांगतात’ असंही सांगितलं होतं. त्यांनी मला विचारलं. मी हसत म्हणालो, ‘काका, एखादा ग्लास घ्यायला हरकत नाही.’

मी बोललो होतो त्या एका बाटलीबद्दल. त्यांनी ऐकलं ते रोजच्या औषधासारखं. दोन वर्षांनी बीपी तीन गोळ्यांनाही दाद देईना, ट्रायग्लिसराइड्स साडेचारशेच्या वर गेले, लिव्हरच्या तपासण्या बिघडल्या. मी खोदून विचारायला लागलो तेव्हा शेजारी बसलेल्या काकू म्हणाल्या, ‘एकाचे तीन ग्लास झालेत, डॉक्टर. मी काही बोलले की म्हणतात, डॉक्टरांनीच सांगितलंय.’

त्या वाक्यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. मी जे बोललो ते कशाच्या आधारावर बोललो होतो? कुठेतरी वाचलेलं, कॉन्फरन्समध्ये ऐकलेलं, मोठमोठ्या नावांनी सांगितलेलं. याचं नीट उत्तर मला बऱ्याच वर्षांनी मिळालं, आणि तेही सुट्टीत, एका वाइनच्या गावात.

द्राक्षांचं गाव

काही वर्षांपूर्वी आम्ही दोघं फ्रान्सला गेलो होतो. मुलगी तेव्हा लियाँ शहरात शिकत होती. पॅरिस पाहून झाल्यावर तिने विचारलं, ‘बाबा, आता तुम्हाला काय बघायचंय?’ मी म्हणालो, ‘पाश्चरचं घर.’ मला पॅरिसची पाश्चर इन्स्टिट्यूट म्हणायचं असेल, असं तिला वाटलं. मला आर्ब्वाला जायचं होतं.

आर्ब्वा हे पूर्व फ्रान्समधल्या ज्युरा डोंगरांच्या पायथ्याचं, तीन-साडेतीन हजार वस्तीचं गाव. लियाँहून रेल्वेने तिथे जाता येतं. पिवळसर दगडाची घरं, मधून वाहणारी क्वीझाँस नावाची छोटी नदी, चर्चचा उंच मनोरा आणि चहूबाजूंच्या उतारांवर द्राक्षांचे मळे. लुई पाश्चरचा जन्म १८२२ मध्ये जवळच्याच दोल गावी झाला, पण बालपण गेलं ते आर्ब्वात. पुढे जगभर नाव झाल्यावरही सुट्टी काढून तो इथेच यायचा.

पाहायच्या जागा दोन होत्या. एक ज्युराच्या द्राक्षशेतीचं आणि वाइनचं संग्रहालय, दुसरी पाश्चरचं घर. पहिली जागा मायलेकींसाठी आणि दुसरी माझ्यासाठी, अशी मी वाटणी केली होती. संध्याकाळपर्यंत लक्षात आलं की दोन्हीकडे गोष्ट एकच आहे.

संग्रहालय शातो पेको नावाच्या जुन्या गढीत आहे. छाटणीचे कोयते, पाठीवर बांधून द्राक्षं वाहायच्या करंड्या, रस काढायची लाकडी यंत्रं, मोठाली पिंपं. द्राक्षाच्या मुळांवर जगणाऱ्या फिलॉक्सेरा किडीने एकोणिसाव्या शतकात फ्रान्सचे मळे उजाड केले, त्याची हकीकत इथेही आहे. तेव्हा ज्युरामध्ये सुमारे २० हजार हेक्टर द्राक्षं होती, आज जेमतेम दोन हजार आहेत. सप्टेंबरच्या पहिल्या रविवारी गावात ‘बियू’ नावाचा उत्सव असतो. नव्या द्राक्षांचे घड एकत्र बांधून एक प्रचंड मोठा घड करतात, चार माणसं तो खांद्यावरून मिरवत चर्चमध्ये नेतात आणि तिथे टांगतात. नव्या भाताच्या लोंब्या देवापुढे ठेवणाऱ्या आपल्या कोकणातल्या माणसाला हे वेगळं समजावून सांगायला नको.

तिथे जुन्या पिंपाच्या आतल्या बाजूला जमलेल्या खड्यांसारख्या थरापाशी मी जरा जास्त वेळ थांबलो. वाइन मुरताना पिंपाच्या भिंतीवर हे टार्टरचे स्फटिक धरतात. चिंचेत जे टार्टारिक आम्ल असतं, त्याचेच हे क्षार. याच क्षारांवर काम करताना १८४८ मध्ये, पंचविशीतल्या पाश्चरला दिसलं की एकाच पदार्थाचे काही स्फटिक डाव्या हाताच्या ठेवणीचे आहेत आणि काही उजव्या. चिमट्याने त्याने ते वेगळे केले. दोन्हींची द्रावणं प्रकाशाला विरुद्ध दिशांना वळवत होती. आज मी ‘एस-अ‍ॅम्लोडिपिन’ किंवा ‘लिव्होसिट्रिझिन’ लिहून देतो, तेव्हा रेणूच्या दोन ठेवणींपैकी एकच वापरत असतो. हे शास्त्र सुरू झालं ते वाइनच्या पिंपातल्या या गाळापासून.

सायीखालची वाइन आणि मेथीचा वास

दुपारी गावातल्या एका तळघरात स्थानिक वाइन चाखायला गेलो. मी पिणाऱ्यांतला नाही. वर्षातून एखाद्या वेळी घोटभर, तेवढंच. पण गावात येऊन गावचं चाखायचं नाही, हे पाहुण्याला शोभलं नसतं. पुल्सार द्राक्षाची फिकट लाल वाइन आली, त्रुसोची थोडी गडद आली. मग त्या भागाची खास ‘व्हँ झोन’, म्हणजे पिवळी वाइन.

ही साव्हान्यँ नावाच्या पांढऱ्या द्राक्षापासून करतात. पिंपात भरल्यावर सहा वर्षांहून अधिक काळ तिला हात लावत नाहीत. त्या काळात वाइन हळूहळू उडून पिंप रिकामं होत जातं. इतर वाइनच्या बाबतीत वरून भर घालून पिंप काठोकाठ ठेवतात, नाहीतर हवा लागून तिचं व्हिनेगर होतं. इथे मुद्दाम भर घालत नाहीत. दुधावर साय धरावी तशी यीस्टची पातळ साय वाइनवर धरते आणि तीच तिला हवेपासून राखते. एका लिटरमधलं शेवटी ६२० मिली उरतं, असा हिशोब आहे. म्हणून तिची बाटलीही बरोबर ६२० मिलीची असते, खांदे पाडून बसलेल्या माणसासारखी आखूड.

बायकोने ग्लास नाकाशी नेला आणि म्हणाली, ‘अहो, ही तर मेथी!’

तिचं नाक अगदी बरोबर होतं. या वाइनमध्ये सोटोलॉन नावाचं एक रसायन तयार होतं आणि मेथीदाण्याचा वासही सोटोलॉनचाच असतो. लहान मुलांच्या डॉक्टरांना ते वेगळ्या कारणाने माहीत असतं. ‘मेपल सिरप युरिन डिसीज’ या जन्मजात आजारात बाळाच्या लघवीला असाच गोडसर वास येतो आणि तोही सोटोलॉनमुळे. आईने बाळंतपणाच्या सुमारास भरपूर मेथी खाल्ली असेल तर निरोगी बाळालाही तो वास येऊ शकतो. म्हणून असा वास आला की घाबरण्याआधी मेथीच्या लाडवांची चौकशी करावी. पण तपासणी टाळू नये.

पाश्चरने ही सायसुद्धा सूक्ष्मदर्शकाखाली पाहिली होती. एकच वाइन, पण तिच्यावर एक प्रकारची साय धरली तर ती मुरते आणि दुसऱ्या प्रकारची धरली तर आंबते. हा फरक कशाचा, या प्रश्नाचा पाठलाग त्याने याच गावात केला.

नदीकाठचं घर

पाश्चरचं घर क्वीझाँसच्या काठावर आहे. वडील कातडी कमावण्याचा धंदा करायचे, त्याला पाणी लागायचं म्हणून नदीकाठ. पुढे पाश्चरने घर वाढवलं आणि वरच्या मजल्यावर स्वतःची प्रयोगशाळा केली. बाटल्या, नळ्या, काचेचे चंबू अजून तिथे आहेत.

पाश्चर डॉक्टर नव्हता, रसायनशास्त्रज्ञ होता. १८५७ मध्ये त्याने दूध आंबण्याच्या क्रियेवर निबंध वाचला. आंबणं ही केवळ रासायनिक कुजण्याची क्रिया आहे, असं त्या काळातले मोठे रसायनशास्त्रज्ञ मानत. पाश्चरचं म्हणणं होतं की हे सूक्ष्म सजीवांचं काम आहे आणि प्रत्येक प्रकारच्या आंबण्यामागे वेगळा सजीव आहे.

दोन वर्षांनी, १८५९ च्या सप्टेंबरमध्ये, त्याची थोरली मुलगी जान आर्ब्वाला आजोबांकडे आली असताना टायफॉइडने गेली. नऊ वर्षांची होती. टायफॉइड कशाने होतो, हे तेव्हा जगात कोणालाच माहीत नव्हतं. वाईट हवेने होतो, असं बरेच जण समजत. त्याचा जंतू दिसायला १८८० उजाडावं लागलं. आज पावसाळ्यात माझ्या दवाखान्यात टायफॉइडचे पेशंट येतात, आठवडा-दोन आठवडे औषध घेऊन बहुतेक बरे होतात. त्या घराच्या जिन्यात उभं राहून मला हाच विचार आला की आपण किती थोडक्या वर्षांच्या अंतराने वाचलो आहोत.

वाइन ‘आजारी’ पडते

१८६० मध्ये फ्रान्स आणि इंग्लंडमध्ये व्यापार खुला करण्याचा करार झाला. फ्रेंच वाइन इंग्लंडला जाऊ लागली आणि तक्रारी येऊ लागल्या. वाटेत वाइन आंबते, कडू होते, तेलासारखी तार धरते, गढूळ होते. मद्यव्यापारी या प्रकारांना ‘वाइनचे आजार’च म्हणत. १८६३ मध्ये सम्राट तिसऱ्या नेपोलियनने पाश्चरला यात लक्ष घालायला सांगितलं.

पाश्चर विद्यार्थ्यांना घेऊन थेट आर्ब्वाला आला. गावातल्या एका जुन्या कॅफेच्या खोलीत त्याने कामचलाऊ प्रयोगशाळा थाटली. बरीचशी उपकरणं गावच्या सुताराने आणि लोहाराने बनवून दिली. ओळखीच्या मळेवाल्यांच्या तळघरांतून चांगल्या आणि बिघडलेल्या वाइनचे नमुने आले. सूक्ष्मदर्शकाखाली चित्र स्पष्ट झालं. चांगल्या वाइनमध्ये यीस्टच्या गोलसर पेशी, आंबलेलीत एक प्रकारचे जंतू, कडू झालेलीत दुसऱ्या प्रकारचे, तार धरलेलीत मण्यांच्या माळेसारखे. असं म्हणतात की चव न घेता, नुसतं सूक्ष्मदर्शकात पाहून तो कोणत्या वाइनला काय झालंय ते सांगायचा आणि गावातले जाणकार चव घेऊन ते पडताळून पाहायचे.

एका आजाराला एक जंतू. आज वैद्यकशास्त्राच्या पहिल्या वर्गात शिकवलं जाणारं हे तत्त्व, माणसांच्या आधी पिंपांत दिसलं.

आता उपचार. आधी त्याने निरनिराळी रसायनं घालून पाहिली, जमलं नाही. मग त्याने हवा न लागू देता वाइन ५० ते ६० अंश सेल्सिअसपर्यंत थोडा वेळ तापवली. जंतू मेले, वाइन टिकली. खरं तर निकोला आपेर या फ्रेंच माणसाने शतकाच्या सुरुवातीलाच अन्न आणि वाइन तापवून टिकवलं होतं. पण ते का टिकतं आणि नेमकं किती तापवायचं, याचं उत्तर पाश्चरने दिलं. १८६५ मध्ये त्याने या पद्धतीचं पेटंट घेतलं आणि मग ती सर्वांसाठी खुली केली.

लोकांना शंका होती की तापवलेल्या वाइनची चव जाणार. पाश्चरने वाद घातला नाही. त्याने चव घेणाऱ्यांपुढे एकाच वाइनचे तापवलेले आणि न तापवलेले नमुने ठेवले. नौदलानेही काही वाइन तापवून आणि काही तशीच जहाजावर चढवली. दहा महिन्यांच्या सफरीनंतर तापवलेली चांगली होती, न तापवलेली आंबायला लागली होती. एकच वाइन, एकच जहाज, एकच हवामान, फरक फक्त तापवण्याचा. औषधांच्या चाचण्यांमध्ये आजही आम्ही हेच करतो.

याच काळात त्याच्या घरी काय चाललं होतं, हेही सांगायला हवं. १८६५ मध्ये वडील गेले. त्याच वर्षी दोन वर्षांची कामीय गेली. १८६६ मध्ये वाइनवरचा त्याचा ग्रंथ प्रसिद्ध झाला आणि त्याच वर्षी बारा वर्षांची सेसील गेली, पुन्हा टायफॉइडनेच. पिंपातला आजार त्याला ओळखता येत होता, थांबवताही येत होता. घरातला नाही. १८६८ मध्ये, पंचेचाळिसाव्या वर्षी, त्याला पक्षाघाताचा झटका आला आणि डावी बाजू कायमची अधू झाली. जंतूंपासून होणाऱ्या माणसांच्या आणि जनावरांच्या आजारांवरचं त्याचं सगळं मोठं काम त्यानंतरचं आहे.

आर्ब्वाहून परळपर्यंत

ग्लासगोतला सर्जन जोसेफ लिस्टर पाश्चरचे निबंध वाचत होता. आंबणं हवेतल्या जंतूंमुळे होत असेल, तर जखमेत पू होणंही त्यांच्यामुळेच होत असेल, असा त्याने तर्क केला. ऑगस्ट १८६५ मध्ये, पायाचं हाड मोडून बाहेर आलेल्या एका अकरा वर्षांच्या मुलाच्या जखमेवर त्याने कार्बॉलिक आम्लाची पट्टी बांधली. जखम न पिकता भरली. अशा जखमेत तोवर पाय कापणं हाच नेहमीचा उपाय होता. १८७४ मध्ये लिस्टरने पाश्चरला आभाराचं पत्र लिहिलं.

१८७८ मध्ये पाश्चरच्या सिद्धांताला पुन्हा आव्हान मिळालं. यीस्ट बाहेरून येत नाही, द्राक्षाच्या रसातच तयार होतं, असा सूर काढणारी क्लोद बेर्नारची टिपणं त्याच्या मृत्यूनंतर प्रसिद्ध झाली. पाश्चरने आर्ब्वाजवळचा आपला छोटा मळा उपयोगात आणला. घड कोवळे असतानाच वेलींवर काचघरं उभारली, काही घड कापसात गुंडाळले. द्राक्षं पिकली. उघड्यावरच्या द्राक्षांचा रस आंबला, झाकलेल्यांचा आंबला नाही. मग ते घड जपून पॅरिसला नेले गेले आणि शास्त्रज्ञांपुढे ठेवले गेले.

ऑक्टोबर १८८५ मध्ये आर्ब्वाजवळच्या व्हिलेर-फार्ले गावात पिसाळलेल्या कुत्र्याने जाँ-बाप्तिस्त जुपील या मेंढपाळ पोराला चावे घेतले. इतर लहान मुलांना वाचवायला तो कुत्र्याशी झटला होता. गावच्या प्रमुखाने पाश्चरला कळवलं. जोसेफ माइस्टरनंतर रेबीजच्या लसीने वाचलेला तो दुसरा मुलगा ठरला.

आणि मग ही वाट आपल्याकडे येते. १८८८ मध्ये पॅरिसला पाश्चर इन्स्टिट्यूट सुरू झाली. तिथे ग्रंथालयात नोकरीला लागलेल्या वाल्डेमार हाफकिनने १८९२ मध्ये कॉलऱ्याची लस तयार केली आणि पुढच्या वर्षी तो भारतात आला. १८९६ मध्ये मुंबईत प्लेग शिरल्यावर त्याला मुंबईला पाठवलं गेलं. ग्रँट मेडिकल कॉलेजात मिळालेल्या अपुऱ्या जागेत त्याने प्लेगची लस बनवली आणि १० जानेवारी १८९७ रोजी ती आधी स्वतःला टोचून घेतली.

ती कशी बनवली, हे वाचताना मला आर्ब्वाची साय आठवली. हाफकिनने मांसाच्या अर्कावर साजूक तुपाचे थेंब तरंगत ठेवले. प्लेगचे जंतू त्या तुपाला धरून खाली लोंबत वाढले. मग ते उष्णता देऊन मारले आणि लस टिकावी म्हणून थोडं कार्बॉलिक आम्ल घातलं. पाश्चरची उष्णता, लिस्टरचं कार्बॉलिक आणि आपलं तूप. एमडी करताना मी परळच्या हाफकिन इन्स्टिट्यूटवरून रोज जायचो. त्या दगडी इमारतीचा एक धागा वाइनच्या पिंपापर्यंत जातो, हे तेव्हा मला माहीत नव्हतं.

मोठ्या माणसाचं एक वाक्य

आता काकांच्या ग्लासाकडे वळू.

वाइनवरच्या त्याच ग्रंथात पाश्चरने वाइनला सर्व पेयांमध्ये सर्वांत आरोग्यदायी ठरवलं आहे. पुढे विसाव्या शतकात, फ्रान्समध्ये वाइनचा सरकारी प्रचार सुरू झाला तेव्हा हे विधान पाश्चरच्या नावासह पोस्टरांवर झळकलं. त्याच्या काळाच्या चौकटीत ते समजण्यासारखं आहे. शहरांतल्या विहिरींत आणि नद्यांत मैला मिसळत होता. आम्ल आणि अल्कोहोल असलेलं पेय त्या पाण्याच्या मानाने सुरक्षित होतं. पण वाइन पिणारे आणि न पिणारे यांची तुलना पाश्चरने कधी केली नव्हती. जहाजावरची पिंपं त्याने पडताळून पाहिली, हे विधान नाही. फ्रान्समध्ये शाळेच्या जेवणात चौदा वर्षांखालच्या मुलांना वाइन देणं बंद झालं ते १९५६ मध्ये, यावरून या समजाचा पगडा लक्षात यावा.

१९९२ मध्ये तसंच दुसरं वाक्य आलं. सर्ज रनो आणि मिशेल द लोर्जेरील यांनी ‘लॅन्सेट’मध्ये ‘फ्रेंच पॅरॉडॉक्स’ मांडला. लोणी-चीज भरपूर खाऊनही फ्रेंचांमध्ये हृदयविकाराचे मृत्यू कमी आहेत आणि त्याचं श्रेय वाइनला असावं, असा त्यांचा कयास होता. काकांच्या मुलाने ऐकलं होतं ते हेच आणि माझी मान हलली होती तीही यामुळेच.

पुढे त्यातल्या त्रुटी दिसू लागल्या. एक म्हणजे, ‘न पिणाऱ्यां’च्या गटात आजारपणामुळे दारू सोडलेले लोकही मोजले गेले होते. त्यामुळे तो गट मुळातच जास्त आजारी होता. दुसरं, बेताची वाइन घेणारे बरेचदा सुस्थितीतले, चालणारे, भाज्या-फळं खाणारे असतात. फायदा वाइनचा की राहणीचा, हे वेगळं काढता येत नव्हतं. तिसरं, ज्या रेस्व्हेराट्रॉलचं एवढं कौतुक झालं, ते वाइनमध्ये इतकं कमी असतं की प्रयोगात वापरलेल्या मात्रेएवढं मिळवायला बाटल्यांच्या बाटल्या लागतील. चीनमधल्या पाच लाखांहून अधिक लोकांच्या अभ्यासात आनुवंशिक गुणांचा आधार घेऊन पाहिलं, तेव्हा बेताच्या दारूने पक्षाघातापासून संरक्षण मिळतं असं दिसलं नाही. उलट प्रमाण वाढेल तसं बीपी आणि पक्षाघाताचा धोका वाढताना दिसला. हा अभ्यास २०१९ मध्ये ‘लॅन्सेट’मध्येच आला.

आणि हृदयापलीकडेही शरीर आहे. कर्करोगावर संशोधन करणाऱ्या आंतरराष्ट्रीय संस्थेने १९८८ मध्येच दारूला कर्करोग घडवणाऱ्या पदार्थांच्या पहिल्या गटात टाकलं. तोंड, घसा, अन्ननलिका, लिव्हर, मोठं आतडं आणि स्त्रियांमध्ये स्तन, हे त्यातले मुख्य. खुद्द फ्रान्समध्ये दारूमुळे वर्षाला सुमारे ४१ हजार मृत्यू होतात, असा २०१५ सालचा अंदाज आहे. २०२३ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने स्पष्ट सांगितलं की आरोग्याला अजिबात धोका नाही अशी दारूची कोणतीही मात्रा नाही.

मग आपण काय करायचं?

जानेवारी २०२२ मध्ये सुपरमार्केटमध्ये वाइन विकू देण्याचा निर्णय राज्य सरकारने जाहीर केला, तेव्हा ‘वाइन म्हणजे दारू नव्हे’ हे वाक्य आपण बरंच ऐकलं. हिशोब करून पाहू. वाइनचा दीडशे मिलीचा ग्लास आणि त्यात १३ टक्के अल्कोहोल, म्हणजे सुमारे १५ ग्रॅम. व्हिस्कीचा ३० मिलीचा पेग म्हणजे सुमारे १० ग्रॅम. एका ग्लासात दीड पेग. लिव्हरला बाटलीवरचं लेबल वाचता येत नाही.

जे घेत नाहीत त्यांनी हृदयासाठी म्हणून कधीही सुरू करू नये. जे घेतात त्यांनी मोजून, कमीत कमी घ्यावी. रोजचा नेम तर मुळीच नको. लिव्हरचा आजार, वाढलेले ट्रायग्लिसराइड्स, हृदयाचे अनियमित ठोके किंवा गरोदरपण असेल तर अजिबात नको. झोपेच्या गोळ्या, वॉरफरिन, मेट्रोनिडॅझॉल आणि मधुमेहाची काही औषधं यांच्याबरोबर ती धोक्याची ठरू शकते, म्हणून घेत असाल तर डॉक्टरांना खरं प्रमाण सांगा. आणि रोज भरपूर पिणाऱ्याने एकदम थांबू नये. झटके येऊ शकतात, डॉक्टरांच्या देखरेखीखाली सोडावी.

काकांना मी त्या दिवशी सरळ सांगितलं की चूक माझी होती. असं सांगायला डॉक्टरला जड जातं, पण माझ्याच शब्दावर त्यांनी सुरू केली होती, तेव्हा थांबवायलाही माझाच शब्द लागणार होता. त्यांनी हळूहळू सोडली. काही महिन्यांत बीपी दोन गोळ्यांवर आलं, ट्रायग्लिसराइड्सही उतरले. पुढे ते बरीच वर्षं जगले. दर वेळी तपासून झाल्यावर उठताना म्हणायचे, ‘आज काही हसत सांगू नका हं, डॉक्टर.’

आर्ब्वाहून आणलेली पिवळ्या वाइनची एक बाटली आमच्या शोकेसमध्ये आहे, अजून न उघडलेली. पाहुणे विचारतात, ‘डॉक्टर, तुमच्याकडे वाइन?’ मी म्हणतो, हिच्याच नात्यातल्या वाइनने आम्हाला जंतू दाखवले. ते ऋण मोठं आहे, पण ते फेडायला ती प्यायची गरज नाही. सकाळी दारात येणाऱ्या दुधाच्या पिशवीवर ‘पाश्चराइज्ड’ असं छापलेलं असतं. वाइनसाठी शोधलेली ती युक्ती आज वाइनवाले फारशी वापरत नाहीत. तिने क्षय, टायफॉइड आणि ब्रुसेलोसिसपासून वाचवली ती दूध पिणारी मुलं. आर्ब्वाच्या वाइनचा आरोग्याला झालेला खरा फायदा हाच.